वजनमापे खात्यातले घरमालक

आमच्या घरमालकांनी मला घर दाखवण्याआधी काट्यावर उभं केलं.

माझी रत्नागिरीच्या शाखेत बदली झाली होती. बायको आणि मुलगी साताऱ्याला, आणि मी बँकेतून सुटलो की घर शोधत हिंडत होतो. एजंटाने दिलेल्या पत्त्यावर पोचलो तर जिन्याच्या पायथ्याशी पोती तोलायचा मोठा लोखंडी काटा मांडलेला, आणि त्याच्या शेजारी लेंगा-बनियनमधले एक सडसडीत गृहस्थ उभे. मी नमस्कार केला. त्यांनी मला खालून वर न्याहाळलं आणि म्हणाले, "चपला काढा आणि वर उभे ऱ्हावा." नव्या गावात माणूस जरा नरमच असतो. मला वाटलं, इकडे अशी पद्धत असेल. मी उभा राहिलो. त्यांनी दांडीवरचं माप एका बोटाने हळूहळू सरकवलं, एक डोळा मिटून आकडा वाचला आणि तो मला सांगितलाच नाही. "तुमाला वरचा मजला देतो," एवढंच म्हणाले.

वरचा मजला हे औषध होतं हे मला पुढे कळलं. लिफ्टवाल्या इमारतींत असतं त्याच्या उलट त्यांच्या इमारतीत खालच्या मजल्याला भाडं जास्त आणि वरच्याला कमी. जिने चढणारा माणूस देशाचं काम करतो, त्याला सवलत द्यायला हवी, असं त्यांचं म्हणणं. नकाशात लिफ्ट होती. ठेकेदाराने तिच्यासाठी जागाही सोडली होती. घरमालकांनी त्या उभ्या पोकळीत मजल्यामजल्याला आडवे बांबू टाकून कांद्याच्या माळा आणि सुकी मासळी टांगली होती. त्यामुळे आमच्याकडे पाहुणा आला की पहिल्या मजल्यावर त्याला भूक लागायची आणि तिसऱ्या मजल्यावर पोचेपर्यंत ती मरायची. लिफ्टचा विषय कोणी काढलाच तर ते म्हणत, "पाय झिजतील तेवा बगू. अजून कोणाचे झिजलेले मला दिसले नायत."

ते वजनमापे खात्यात निरीक्षक होते. त्यांची जीप आठवडी बाजारात शिरली की दुकानदार पारड्याखाली चिकटवलेली चिंच घाईघाईने काढून तोंडात टाकत, असं जुने लोक सांगायचे. ते निवृत्त झाल्यावर दुकानदार सुटले आणि माणसं सापडली. एका बंद पडलेल्या वखारीतून त्यांनी हा काटा उचलून आणला, स्वतः खोलून साफ केला, तेल दिलं आणि जिन्याशी मांडला. गॅसवाला, इस्त्रीवाला, मतं मागायला आलेले उमेदवार, सगळ्यांना त्यावर चढावं लागे. एकदा मला म्हणाले, "सगळी नोकरी मी दुकानदारांच्या मागं लागलो. पाव किलोत चिमूटभर साखर कमी देतो म्हणून खटले भरले. आता कळतंय, ते बापडे लोकांच्या तब्येतीचंच बगत होते."

त्यांच्या बोलण्यात देश फार यायचा. सकाळी ओट्यावर पेपर वाचताना साखरेच्या आजाराची बातमी दिसली की मोठ्याने वाचायचे आणि जिन्यावरून उतरणाऱ्या भाडेकरूकडे बघायचे, जणू ती आकडेवारी त्यानेच वाढवली. एसटी स्टँडजवळ बेकरीला लागून औषधाचं दुकान आणि त्याला लागून पुन्हा बेकरी अशी रांग होती. त्या रांगेवरून जाताना ते थांबून हात जोडायचे. "एकाच घरातली भावंडं," म्हणायचे. "एक आजारी पाडतो, दुसरा सांभाळतो. भांडण नाय, तंटा नाय. असं गोकुळ कुठं बगायला मिळायचं नाय."

मोबाईलवरून जेवण मागवण्याची सोय रत्नागिरीत आली तेव्हा त्यांच्या अंगात जुना निरीक्षक पुन्हा शिरला. पोरगा पिशवी घेऊन गेटात आला की ते त्याला ओट्यावर बसवून पाणी द्यायचे आणि वर हाक मारायचे. मागवणाऱ्याने खाली उतरायचं, असा नियम. एकदा मी मोमो मागवले होते. खाली गेलो तर डबा उघडून दोघं बसलेले.

"हे काय असतंय?" त्यांनी विचारलं.

"मोमो. मोदकासारखंच असतं, तिखट."

त्यांनी एक उचलून तोंडात टाकला. डोळे मिटून चावला. मी निकालाची वाट बघत उभा. "उकड बरी जमलेय," ते म्हणाले. "पण मोदक कसा, करणाराची कंबर मोडते तेवा खाणाराला एक मिळतो. हे बोट लावलं की बारा." मग त्यांनी आणखी एक खाल्ला, आणि उरलेले घेऊन मला जिन्याने दोनदा वर-खाली करायला लावलं. मोमो थंड झाले. मी घरात बसून तसेच खाल्ले आणि त्यांना मनातल्या मनात भरपूर शिव्या दिल्या.

आमच्या बँकेत ते पेन्शनच्या कामासाठी यायचे. बँकेत आम्ही कोणाचाही वाढदिवस, कोणाची बदली, कोणाच्या पोराची दहावी, कोणाची नवी गाडी साजरी करायचो. साजरं करणं म्हणजे केक, समोसा, वेफर्स आणि पेढा. एखाद्या आठवड्यात कोणाचंच काही नसलं तर शिपाई बेचैन व्हायचा. घरमालक काउंटरशी उभे राहून हे बघत. त्यांना सगळ्यात गंमत वाटायची ती चाकाच्या खुर्च्यांची. आमच्या हेडक्लार्क बाई खुर्चीतून न उठता पायाने जमीन ढकलत कपाटापर्यंत जात, फाइल काढत आणि तशाच परत येत. घरमालकांनी एकदा काउंटरवरून वाकून त्यांना विचारलं, "बाई, ही गाडी शिकायला लायसन लागतं काय वो?" सगळी शाखा हसली. बाईंनी त्यांचं काम महिनाभर लांबवलं. ते मात्र दर खेपेला आनंदाने यायचे, कारण घरापासून बँकेपर्यंत चालायला मिळायचं.

मी पावलं मोजणारं घड्याळ घेतलं तेव्हा त्यांनी ते कौतुकाने हातात घेऊन बघितलं. खात्यातला माणूस, मोजणारी कुठलीही वस्तू त्यांना आवडे. चार दिवसांनी ते वर आले तेव्हा मी सोफ्यावर बसून क्रिकेट बघत होतो आणि सवयीने हात हलवत होतो. ते दारातच उभे राहिले. "म्हणजे तुमीपण पारड्याखाली चिंच लावता," असं म्हणून तसेच उतरून गेले. त्यानंतर ते घड्याळ मी मुलीला दिलं.

हे वाचून कोणाला वाटेल की गृहस्थ काकडीवर जगत असतील. छे! उपाशी राहणाऱ्यांचा त्यांना खाणाऱ्यांपेक्षा जास्त राग. दुसऱ्या मजल्यावरचा इंजिनिअर सकाळी हिरवा रस प्यायचा आणि मोटारसायकलवरून कोपऱ्यावरच्या जिममध्ये जायचा. त्याला ते "जनावरांचा डॉक्टर सुचवलान काय कोणी?" असं विचारत. स्वतः मात्र भाताचा डोंगर, त्यावर मासळीचं कालवण, पुन्हा भात, शेवटी सोलकढी असं व्यवस्थित जेवायचे आणि मग झोपायच्या ऐवजी गच्चीवर आमसुलं उलटायला जायचे. खाणं पाप नाही, खाऊन बसणं पाप, एवढाच त्यांचा धर्म. त्या धर्मात एक पळवाट होती. आंब्याच्या मोसमात काट्यावर गोणपाट पडायचं. "हापूसने वजन वाढत नाय," असं हा आयुष्यभर मापं तपासलेला माणूस आढ्याकडे बघत सांगायचा. मोसम संपला की गोणपाट निघायचं आणि पहिल्या दिवशी ते बनियनसुद्धा काढून काट्यावर चढायचे.

त्यांच्या बायकोला आम्ही काकू म्हणत असू. काकू गोलमटोल आणि समाधानी. त्या जन्मात कधी त्या काट्यावर चढल्या नाहीत. घरमालकांनी एकदा आमच्यासमोर आग्रह केला तेव्हा त्या म्हणाल्या, "मला बघून आणलंत. तोलून आणलं नव्हतं." पण दिवसभर त्यांचे हात थांबलेले मी पाहिले नाहीत, आणि हे घरमालकांनाही ठाऊक असावं, कारण तो विषय त्यांनी पुन्हा काढला नाही.

माझी आता तिथून बदली झाली आहे. हल्ली मी राहतो त्या इमारतीत दोन लिफ्ट आहेत. त्यातली एक बंद असली की आम्ही खाली उभे राहून तक्रारी करतो, पण जिन्याकडे कोणी बघत नाही. घरमालकांची आठवण मला येते ती मात्र अशा वेळी नाही, शिमग्याच्या दिवसांत येते. एका शिमग्याला त्यांनी मला आपल्या गावी नेलं होतं.

त्यांचं गाव संगमेश्वराहून देवरुखकडे जाताना आत. खालच्या वाडीपर्यंत डांबरी रस्ता, आणि तिथून वरच्या वाडीला जायला जांभ्या दगडाच्या पायऱ्यांची वाट. तिला तिकडे पाखाडी म्हणतात. वरच्या वाडीत त्यांची थोरली बहीण एकटी राहायची. आई लवकर गेल्यामुळे या बहिणीनेच त्यांना वाढवलं होतं. शाळेत घालायला तिने त्यांना कडेवर घेऊन ती पाखाडी उतरवली होती, हे ते कोणालाही सांगत. या आक्कांनी सगळा जन्म डोक्यावर काही ना काही घेऊन त्या पायऱ्या चढण्यात घालवला, आणि म्हातारपणी गुडघ्यांनी राजीनामा दिला. रत्नागिरीला चला म्हटलं तर येत नव्हत्या. अंगणापलीकडचं जग त्यांनी सोडून दिलं होतं. एकच हट्ट उरला होता. शिमग्याला देवीची पालखी घरोघर फिरते, ती आपल्या अंगणात यावी आणि आपण उभं राहून ओटी भरावी.

आदल्या वर्षी पालखी आलीच नव्हती. खांदेकऱ्यांनी ती अर्धी पाखाडी चढवली आणि तिथे सगळ्यांना एकदम धाप लागली. पालखी पुढे सरकेना. त्या गावात समज असा, की देवी रुसली की पालखी जड होते. जड झालेली पालखी पुढे न्यायची नसते. तिला मागे फिरवली, गाऱ्हाणं घातलं, आणि देवी का रुसली असेल यावर मुंबईपर्यंत चर्चा झाली. कोणी म्हणालं देवळाचा रंग आवडला नाही, कोणी म्हणालं भटजी बदलला म्हणून. आक्का ओटीचं ताट घेऊन संध्याकाळपर्यंत दारात बसल्या होत्या. घरमालक मला गाडीत हे सांगत होते आणि त्यांचा आवाज नेहमीसारखा नव्हता. "यंदा नाय आली तर पुढच्या शिमग्याला ती असेल की नाय कोण सांगणार?" ते म्हणाले. मागे टेम्पोत त्यांचा काटा होता. शिमग्याला मुंबईचे चाकरमानी येतात म्हणून तो ते दरवर्षी नेत, पण या वर्षी त्यांच्या मनात वेगळंच होतं.

पालखी ठेवतात त्या चौथऱ्याला सहाण म्हणतात. सकाळी आम्ही सहाणेवर पोचलो तेव्हा चाकरमानी जमले होते. एकसारखे भगवे टी-शर्ट, सगळ्यांचे पोटावर ताणलेले. मांडवात केटररने आणलेले पनीर, जिलेबी आणि थंड पेयांचे खोके. मुंबईच्या मंडळाचा अध्यक्ष पुढे आला. वाईट माणूस नव्हता. देवळाचं छप्पर, शाळेचे पंखे, सगळं त्याच्याच खटपटीने झालेलं. तरुणपणी तो पालखी डोक्यावर घेऊन नाचवायचा, असं लोक सांगत. आता तो मुंबईत दिवसभर वातानुकूलित खोलीत बसायचा आणि त्याच्या खिशात वारांची नावं असलेली गोळ्यांची डबी होती.

"काका, यंदा टेन्शन नाही," तो म्हणाला. "टेम्पो सजवलाय. एलईडी आहे, साउंड आहे. देवी पाखाडीच्या पायथ्यापर्यंत गाडीने येणार. वरच्या वाडीने खाली यायचं आणि तिथेच ओट्या भरायच्या. रिस्कच नको."

"आणि खाली उतरता येत नाय त्यांनी?"

"त्यांचा नारळ कोणीतरी आणेल ना खाली."

घरमालकांनी मान हलवली आणि आपल्या टेम्पोकडे वळून काटा खाली घ्यायला सांगितलं. सहाणेसमोर सारवलेल्या जागी तो मांडला, वर फळी टाकली, फळीवर नवं कोरं कापड अंथरलं आणि फळीचं वजन आधी काढून ठेवलं. लोक गंमत म्हणून गोळा झाले. मग ते म्हणाले, "पालखी ठेवा हिच्यावर. कोण जड झालंय ते बगू."

शिमग्याच्या दिवशी देवीला तोलायचं? मानकरी चिडले, गुरव गांगरला. घरमालक शांतपणे म्हणाले, "तुमी कशाला भांडता? देवीलाच विचारा. कौल लावा." याला कोणाला नाही म्हणता येईना. गुरवाने गाऱ्हाणं घातलं, मूर्तीला फुलाच्या पाकळ्या लावल्या. डावी पडली तर नकार, उजवी पडली तर होकार. सगळे टक लावून बघत होते. उजवी पडली. वजनाला हरकत नसलेली तिथे ती एकटीच होती.

पालखी फळीवर ठेवली. बऱ्याच वर्षांपूर्वी देवीला चांदी चढवली तेव्हा सोनारावरून गावात भांडण झालं होतं, आणि खात्यातला माणूस म्हणून यांनीच पालखी तोलली होती. तो आकडा गावातल्या म्हाताऱ्यांच्या तोंडपाठ होता. घरमालकांनी माप सरकवलं, एक डोळा मिटला आणि बाजूला होऊन सगळ्यांत थोरल्या मानकऱ्याला वाचायला सांगितलं. म्हाताऱ्याने वाचलं, चष्मा पुसला, पुन्हा वाचलं. पालखी तेव्हापेक्षा हलकी भरली होती. सागाची दांडी जाऊन मंडळाने पोकळ पाइप बसवला होता, त्याचा फरक.

मग अध्यक्ष म्हणाला, "काटा बिघडलाय."

घरमालकांचा चेहरा उतरलेला मी तेव्हा पहिल्यांदा पाहिला. त्यांना कोणी चोर म्हटलं असतं तरी चाललं असतं. ते मांडवात गेले आणि केटररचं साखरेचं न फोडलेलं पोतं दोघांकडून उचलून आणवलं. पोत्यावर छापलेलं वजन आणि काट्यावरचं वजन तंतोतंत जुळलं. आता काय म्हणतील, म्हणून मी अध्यक्षाकडे बघितलं. तोही गोंधळला होता. पण थोरला मानकरी अनुभवी होता. तो हात जोडून म्हणाला, "साखरेची गोष्ट वेगळी. देवीचा वजन काट्यावर येत नाय." सगळ्यांनी सुटकेने माना डोलावल्या. घरमालकांनी फळी उचलली, कापड घडी करून ठेवलं. पालखी टेम्पोत चढली, साउंड सुरू झाला, आणि मिरवणूक जिलेबीचा पहिला घाणा खाऊन निघाली.

पाखाडीच्या पायथ्याशी वरच्या वाडीच्या बायका ताटं घेऊन उतरल्या होत्या. बागेत राखणीला असलेले दोन नेपाळी गडी गंमत बघत उभे होते. कोणीतरी सुचवलं, यांना मजुरी देऊ, हे नेतील पालखी वर. तर मानकरी उसळले. बाहेरच्याचा खांदा? मान आमचा आहे! त्या मानासाठी त्यांच्या बापजाद्यांनी कोर्टकचेऱ्या केल्या होत्या. घरमालक ऐकत होते. त्यांच्या घराण्यालाही एका खांद्याचा मान होता, पण एकट्याच्या खांद्यावर पालखी जात नाही. त्यांनी टेम्पोत टाकलेली मांडवातली एक प्लास्टिकची खुर्ची उतरवली, नेपाळ्यांना खूण केली आणि मला म्हणाले, "साहेब, येता काय? मानाचं काम नाय हे."

आम्ही वर गेलो. मला तीनदा थांबावं लागलं. ते वाट बघत उभे राहिले, पण माझ्या वजनाचा विषय काढला नाही. आक्का ओट्यावर नवं लुगडं नेसून, मांडीवर ताट घेऊन बसल्या होत्या. आम्ही त्यांना खुर्चीत बसवलं, चौघांनी चार पाय धरले आणि उतरू लागलो. वजन असं नव्हतंच. सगळी वाट त्या मला विचारत होत्या, तू कोणाचा, लग्न झालं काय, जेवलास काय.

खाली पोचलो तेव्हा लोकांनी बाजूला होऊन वाट दिली. खुर्ची टेम्पोसमोर टेकवली. आक्कांनी पालखीकडे बघितलं, मग टेम्पोकडे, मग दिव्यांच्या माळांकडे. आम्हाला वाटलं आता ताट पुढे करतील. त्यांनी ताट तसंच मांडीवर ठेवलं आणि खरोखरच्या काळजीने अध्यक्षाला विचारलं, "बाबू, माजे गुडघे गेले म्हणून मला खुर्चीतून आणलानी. देवीच्या पायांना काय झालं रे?"

साउंड कोणीतरी बंद केला. मानकऱ्यांना काट्याचं उत्तर देता आलं होतं, याचं येईना. त्या टोमणा मारत नव्हत्या. त्या उत्तराची वाट बघत होत्या.

अध्यक्षाने खाली बसून बुटांच्या नाड्या सोडल्या. त्या सोडतानाही त्याला धाप लागली. त्याने खिशातली डबी मेहुण्याच्या हातात दिली आणि दांडीला हात घातला. त्याला बघून दुसरा आला, मग मानकऱ्यांची पोरं आली. चौथ्या खांद्याला घरमालक गेले. ढोल वाजला. पालखी एकदा उचलली की अंगणात पोचेपर्यंत खाली टेकवायची नसते. चार पायऱ्या झाल्या की एकजण गळायचा आणि दुसरा शिरायचा. अध्यक्षाला तर त्यांनी पहिल्या वळणावरच बाजूला काढून बसवलं, तो दम खाऊन पुन्हा आला, पुन्हा काढला, पुन्हा आला. भगवे टी-शर्ट काळे पडले. देवीचं नाव घ्यायला कोणाकडे श्वास नव्हता. मागून आम्ही तिघं आणि वाडीतला एक पोरगा आक्कांची खुर्ची घेऊन चढत होतो. त्या पुढच्यांना सांगत होत्या, "दमानं रे पोरांनो, दमानं." मला रडू येत होतं आणि हसूही येत होतं. एवढी सगळी मोठी माणसं, हातात सगळं असलेली, आणि जिथून बायका पाण्याचे हंडे नेत तिथून आपल्या देवीआईला नेताना जिवाच्या आकांताने झगडत होती.

पालखी अंगणात आली तेव्हा ऊन कलायला लागलं होतं. आक्कांनी आम्हाला खुर्ची उंबऱ्याशी ठेवायला लावली आणि खांब धरून उभ्या राहिल्या. घरमालकांनी आधार द्यायला हात पुढे केला तो त्यांनी घेतला नाही. ओटी भरली. देवीच्या चांदीच्या गालाला हात लावून त्या हळूच म्हणाल्या, "गेल्या साली लई वाट बगितली गो तुजी." मग अंगणभर माणसं बसली, आडवी झाली. कोणी पनीरची आठवण काढली नाही. आक्कांनी वाडीतल्या पोरींना पाणी आणि गूळ वाटायला सांगितलं.

अध्यक्ष पायरीला टेकून बसला होता. तोंड लाल, दोन्ही हात जमिनीवर. खूप वेळाने त्याचा श्वास जागेवर आला. त्याने घरमालकांकडे बघितलं आणि लहान मुलाच्या आनंदाने म्हणाला, "बघितलंत काका? मी म्हणत होतो ना? शेवटी देवीच हलकी झाली."

सगळं अंगण घरमालकांकडे बघायला लागलं. मीही बघत होतो. ते आक्कांकडे बघत होते. आक्का अजून खांब धरून उभ्याच होत्या आणि देवीच्या गळ्यातला हार सारखा करत होत्या.

"व्हय," घरमालक म्हणाले. "झाली हलकी."

आणि त्यांनी हातातला पाण्याचा तांब्या अध्यक्षाला दिला.